घातांकात क्ष आला की काय करायचं? पहिल्यांदाच शिकणाऱ्यांसाठी

दहावीपर्यंतची समीकरणं ओळखीची असतात. २क्ष + ३ = ११ आलं की ३ पलीकडे न्यायचे, २ नं भागायचं, क्ष = ४. मग अकरावीला किंवा डिप्लोमाच्या पहिल्या वर्षाला २^क्ष = ३२ असलं काहीतरी समोर येतं. क्ष वर जाऊन बसलेला असतो आणि त्याला खाली कसं आणायचं ते कळत नाही. कुणी २ नं भागतं, कुणी १६ उत्तर लिहून मोकळं होतं.

मी कोल्हापुरात मराठी शाळेतून दहावी झाले, पुढं डिप्लोमा केला आणि आता राजारामपुरीत संध्याकाळी अकरावीच्या आणि डिप्लोमाच्या मुलांना गणित शिकवते. मराठी माध्यमातून आलेल्या मुलांचं नेमकं कुठं अडतं ते मी रोज बघते. घातांकाचे नियम आठवीतच पाठ झालेले असतात आणि लॉग (म्हणजे लॉगरिदम, तो काय असतो ते पायरी ८ मध्ये येईल) अकरावीत येतो, पण या दोन्हींचा एकमेकांशी संबंध काय, हे कुणी नीट बसवून सांगत नाही. म्हणून हा लेख. यात मी एकच गोष्ट वेगवेगळ्या तऱ्हेनं सांगणार आहे: दोन्ही बाजूंचा पाया एक करा. बाकी सगळं त्याच्या मागून येतं, लॉगसुद्धा.

लिहिण्याची पद्धत आधी सांगते. इथं घात वर, लहान अक्षरात टाइप करता येत नाही, म्हणून २^५ असं लिहिलंय. वाचायचं ‘दोनचा पाचवा घात’. यात २ हा पाया आणि ५ हा घातांक. तुम्ही वहीत नेहमीसारखं वर, लहान लिहा. कॉलेजात पायाला बेस आणि घातांकाला इंडेक्स किंवा पॉवर म्हणतील. त्यानं बिचकू नका, गोष्ट तीच आहे.

## सुरू करण्याआधी जवळ काय हवं

१. घातांचा तक्ता. स्वतःच्या हातानं लिहा आणि अभ्यासाच्या टेबलासमोर चिकटवा.

- २ चे घात: २, ४, ८, १६, ३२, ६४, १२८, २५६, ५१२, १०२४
- ३ चे घात: ३, ९, २७, ८१, २४३, ७२९
- ५ चे घात: ५, २५, १२५, ६२५, ३१२५
- ६ चे घात: ६, ३६, २१६, १२९६
- ७ चे घात: ७, ४९, ३४३, २४०१

हे पाढ्यांसारखे तोंडी आले पाहिजेत. २४३ दिसल्याबरोबर ‘तीनचा पाचवा’ असं मनात उमटलं की अर्धं गणित तिथंच सुटतं. काही संख्या एकाहून जास्त पायांचे घात असतात, त्या खास लक्षात ठेवा. उदाहरणार्थ ६४ हा २ चा सहावा, ४ चा तिसरा आणि ८ चा दुसरा घात आहे.

२. घातांकाचे नियम. एवढे पुरतात:

- अ^म × अ^न = अ^(म+न)
- अ^म ÷ अ^न = अ^(म-न)
- (अ^म)^न = अ^(म×न)
- (अ×ब)^म = अ^म × ब^म
- अ^० = १ (अ शून्य नसेल तर)
- अ^(-म) = १/अ^म
- अ^(१/२) म्हणजे अ चं वर्गमूळ, अ^(१/३) म्हणजे घनमूळ

३. लॉग टेबल किंवा सायंटिफिक कॅल्क्युलेटर. तुम्ही कुठली परीक्षा देणार त्यावर हे ठरवा. बारावी बोर्डाला भौतिक आणि रसायनशास्त्राच्या पेपरला लॉग टेबल चालतं, कॅल्क्युलेटर चालत नाही. डिप्लोमाच्या पेपरला प्रोग्रॅम न करता येणारा कॅल्क्युलेटर चालतो. त्यामुळं अकरावी सायन्सच्या मुलांनी पहिल्यापासून लॉग टेबलवरच हात बसवावा. कॅल्क्युलेटरची सवय लागली की बारावीत ती मोडणं जड जातं.

४. वही. पानावर उजवीकडं उभी रेघ मारून कच्च्या कामाला जागा ठेवा. अवयव पाडणं तिथं करायचं आणि ते खोडायचं नाही. चूक झाली तर तिथंच सापडते.

## पायरी १: क्ष नेमका कुठं आहे ते बघा

क्ष^३ = १२५ आणि ३^क्ष = ८१ ही दोन गणितं घाईत सारखी दिसतात, पण त्यांचा एकमेकांशी संबंध नाही. पहिल्यात पाया माहीत नाही, म्हणून घनमूळ काढायचं: क्ष = ५. दुसऱ्यात घातांक माहीत नाही, म्हणजे प्रश्न असा आहे की किती ३ एकमेकांना गुणले की ८१ होतील. ३, ९, २७, ८१. चौथा घात, क्ष = ४. हा लेख दुसऱ्या प्रकाराचा आहे.

असं समीकरण कुठं भेटतं? शाहू स्टेडियमवर पेठांच्या संघांची बाद पद्धतीची फुटबॉल स्पर्धा घ्या. १६ संघ असतील तर किती फेऱ्या होतील? दर फेरीत निम्मे संघ बाद होतात, म्हणजे २^क्ष = १६. क्ष = ४: उपउपांत्यपूर्व, उपांत्यपूर्व, उपांत्य आणि अंतिम. फेऱ्यांची संख्या हाच इथं घातांक आहे.

## पायरी २: घात एकटा करा

समजा, गणित असं आहे:

५ × २^क्ष = १६०

आधी ५ नं भागा: २^क्ष = ३२. मग क्ष = ५.

इथला सगळ्यात मोठा सापळा म्हणजे ५ आणि २ गुणून १०^क्ष = १६० असं करणं. तसं करता येत नाही. घातांक फक्त २ ला चिकटलेला आहे, ५ वर त्याचा काहीही हक्क नाही. क्ष = ५ ठेवून बघा: डावीकडं ५ × ३२ = १६० येतात, तर १०^५ म्हणजे १ लाख.

तसंच ३^क्ष + ७ = ८८ असेल तर आधी ७ पलीकडं न्या: ३^क्ष = ८१. घात एकटा झाल्याशिवाय पुढच्या पायरीला हात लावायचा नाही.

घात एकटा केल्यावर उजवीकडं काय उरलं तेही बघा. उजवीकडं ० किंवा ऋण संख्या आली, जसं २^क्ष = -८, तर तिथंच थांबा. धन पायाचा कुठलाही घात घ्या, तो धनच येतो. घातांक ऋण घेतला तरी २^(-३) = १/८ होतं, -८ नाही. अशा समीकरणाला वास्तव संख्यांमध्ये उत्तर नाही असं स्पष्ट लिहा. कोरं सोडू नका, ‘उत्तर नाही’ हेच त्याचं उत्तर आहे.

## पायरी ३: दोन्ही बाजूंचा पाया एक करा

या पायरीवर सगळ्यात जास्त वेळ द्या. इथं हात बसला की पुढचं बहुतेक दहावीचंच गणित उरतं.

अवयव पाडायची रीत. उजवीकडची संख्या तक्त्यात नसेल तर तिला लहान मूळ संख्येनं भागत जा आणि किती वेळा भाग गेला ते मोजा. ७२९ घ्या: ३ नं भागून २४३, मग ८१, २७, ९, ३, १. सहा वेळा भाग गेला, म्हणून ७२९ = ३^६. हे मोजणं आपल्याकडं फार जुनं आहे. जैन आचार्य वीरसेन यांच्या ‘धवला’ टीकेत, म्हणजे सुमारे नवव्या शतकाच्या सुरुवातीला, संख्या किती वेळा निम्मी करता येते त्या मोजणीला अर्धच्छेद म्हटलंय आणि तीन-तीन भाग करत जाण्याला त्रिकच्छेद. ३२ चे अर्धच्छेद ५, ७२९ चे त्रिकच्छेद ६. आपण जो क्ष शोधतोय तो हाच.

दोन्ही बाजू बदलाव्या लागतात तेव्हा. आता हे बघा:

९^क्ष = २७

शिरोलीच्या एका फाउंड्रीत दिवसपाळी करून संध्याकाळी शिकायला येणारा एक मुलगा होता. त्यानं याचं उत्तर लगेच ३ लिहिलं, कारण २७ भागिले ९ म्हणजे ३. हुशार मुलगा, हिशेबाला पक्का, पण त्यानं गुणाकाराचा प्रश्न सोडवला होता, घाताचा नाही. मी त्याला एवढंच म्हटलं, ‘९ चा तिसरा घात काढ.’ ७२९ आले आणि त्यानं स्वतःच उत्तर खोडलं.

९ चा पूर्ण घात म्हणून २७ येत नाही हे खरं. ९^१ = ९, ९^२ = ८१, मधे २७ नाहीच. पण ९ आणि २७ दोघेही ३ चे घात आहेत:

९ = ३^२ आणि २७ = ३^३

म्हणून (३^२)^क्ष = ३^३, म्हणजे ३^(२क्ष) = ३^३.

२क्ष = ३, क्ष = ३/२.

अपूर्णांक आला म्हणून घाबरू नका. ९^(३/२) म्हणजे ९ च्या वर्गमुळाचा घन, ३ चा घन, २७. बरोबर आलं.

उजवीकडं अपूर्णांक किंवा दशांश असेल तर. २^क्ष = १/८ मध्ये १/८ = २^(-३), म्हणून क्ष = -३. ५^क्ष = ०.०४ आलं की आधी दशांश मोडा: ०.०४ = ४/१०० = १/२५ = ५^(-२), क्ष = -२. दशांश तसाच ठेवून ५ चा घात शोधत बसलात तर सापडणार नाही.

उजवीकडं १ असेल तर. ७^क्ष = १. यावर बरीच मुलं अडतात, कारण ७ चा घात म्हणून १ कधी पाहिलेला नसतो. १ = ७^० लिहा, क्ष = ०.

वर्गमूळ असेल तर. २^क्ष = √३२. ३२ = २^५, त्याचं वर्गमूळ २^(५/२). क्ष = ५/२.

घातांकात पूर्ण पदावली असेल तर. कंस! कंस विसरू नका.

४^(क्ष+१) = ८^(क्ष-१)

४ = २^२, ८ = २^३, म्हणून

२^(२(क्ष+१)) = २^(३(क्ष-१))

२क्ष + २ = ३क्ष - ३

क्ष = ५

इथं २(क्ष+१) च्या जागी २क्ष + १ लिहिणं ही माझ्याकडं तपासायला येणाऱ्या वह्यांमधली नेहमीची चूक. बाहेरच्या २ नं कंसातल्या दोन्ही पदांना गुणायचं असतं.

कुठला पाया निवडायचा? दोन्ही संख्या ज्या लहानात लहान संख्येचे घात असतील ती. ४ आणि ८ साठी २, ९ आणि २७ साठी ३, २५ आणि १२५ साठी ५. ३६ आणि २१६ असतील तर ६. तिथं २ आणि ३ असे अवयव सुटे करत बसायची गरज नाही.

## पायरी ४: घातांक समान लिहा, पण का ते समजून घ्या

३^(२क्ष) = ३^३ वरून आपण थेट २क्ष = ३ लिहिलं. यालाच मुलं ‘पाया पाया कटला’ म्हणतात. मला हे म्हणणं पटत नाही, कारण कटत काहीच नाही. खरं कारण असं आहे: ३ चा घातांक वाढवत गेलं की किंमत वाढतच जाते, ती मागं येत नाही. म्हणून दोन वेगळे घातांक घेऊन एकच किंमत मिळणं शक्य नाही. किंमत एक असेल तर घातांकही एकच असला पाहिजे.

हे कारण माहीत असेल तर नियम कुठं चालत नाही तेही कळतं. १^५ = १^७, दोन्हीकडं १. म्हणून ५ = ७ झालं का? नाही. पाया १ असला की किंमत वाढतच नाही. तसंच (-१)^२ = (-१)^४. म्हणून नियम पूर्ण असा लिहायचा: पाया धन हवा आणि तो १ नको. पाया १ पेक्षा लहान असेल, जसं १/२, तर किंमत घटत जाते, पण तीही मागं फिरत नाही, म्हणून नियम तिथंही चालतो. (१/२)^क्ष = ८ मध्ये क्ष = -३.

## पायरी ५: ताळा

क्ष ची किंमत मूळ समीकरणात ठेवून दोन्ही बाजू वेगवेगळ्या काढा. मूळ समीकरणात, मधल्या एखाद्या ओळीत नव्हे, कारण चूक त्या ओळीच्या आधी झाली असेल तर ती तशीच राहते. पायरी ३ मधल्या ४^(क्ष+१) = ८^(क्ष-१) या गणितात क्ष = ५ ठेवलं तर डावीकडं ४^६ = ४०९६ आणि उजवीकडं ८^४ = ४०९६. जुळलं. परीक्षेत याला अर्धा मिनिट लागतो. हा वेळ मी कधीच वाचवू देत नाही.

## पायरी ६: मधे बेरीज किंवा वजाबाकी आली तर

२^(क्ष+३) + २^क्ष = ७२

इथं पहिला मोह होतो तो घातांकांची बेरीज करायचा. ती करायची नाही. घातांकांची बेरीज गुणाकारात होते, बेरजेत नाही. २^३ + २^२ = १२ आहे, २^५ म्हणजे ३२ नाही.

वाट अशी आहे: २^(क्ष+३) फोडा. तो २^क्ष × २^३ म्हणजे ८ × २^क्ष. आता दोन्ही पदांत २^क्ष आहे, तो सामाईक काढा:

२^क्ष × (८ + १) = ७२

२^क्ष = ८

क्ष = ३

ताळा: २^६ + २^३ = ६४ + ८ = ७२.

## पायरी ७: आत दडलेलं वर्गसमीकरण

९^क्ष - ८ × ३^क्ष - ९ = ०

हे पाहून पान उलटू नका. ९^क्ष म्हणजे (३^क्ष) चा वर्ग. म्हणून ३^क्ष = य मानलं की हे तुमचं दहावीचं वर्गसमीकरण होतं:

य^२ - ८य - ९ = ०

(य - ९)(य + १) = ०

य = ९ किंवा य = -१

इथं थांबून ‘उत्तर ९ आणि -१’ लिहिणाऱ्यांचे गुण जातात. आपल्याला य नको होता, क्ष हवा होता. ३^क्ष = ९ वरून क्ष = २. आणि ३^क्ष = -१ शक्य नाही, कारण धन पायाचा घात ऋण होत नाही, म्हणून ती किंमत सोडून द्यायची. सोडली असं कारणासह एका ओळीत लिहा. ताळा: ८१ - ७२ - ९ = ०.

## पायरी ८: पाया जुळतच नसेल तर लॉग

स्पर्धेला १६ च्या ऐवजी २० संघ आले तर? २^क्ष = २०. पण २० हा २ चा पूर्ण घात नाही.

आधी अंदाज घ्या. २^४ = १६ आणि २^५ = ३२, म्हणजे क्ष ४ आणि ५ च्या मधे आहे. स्पर्धेसाठी एवढं पुरेसं आहे: फेऱ्या साडेचार होत नाहीत, ५ घ्याव्या लागतात. ३२ - २० = १२ संघांना पहिल्या फेरीत पुढं चाल मिळते, ८ संघ खेळतात, त्यातले ४ जिंकतात आणि १२ + ४ = १६ संघ दुसऱ्या फेरीत येतात.

पण नेमका क्ष हवा असेल तर लॉग लागतो. लॉग म्हणजे दुसरंतिसरं काही नाही, घातांकच. १० चा कितवा घात घेतला की ती संख्या मिळते, ते सांगणारा आकडा. लॉग १०० = २, कारण १०^२ = १००. लॉग २ = ०.३०१०, कारण १०^०.३०१० जवळपास २ होतं.

आता आपल्या जुन्या नियमाकडं परत या. २ आणि २० यांना २ किंवा ३ असा सोपा समान पाया नव्हता, पण १० हा पाया कुठल्याही धन संख्येला चालतो:

२ = १०^०.३०१० आणि २० = १०^१.३०१०

म्हणून १०^(०.३०१०क्ष) = १०^१.३०१०

०.३०१०क्ष = १.३०१०

क्ष = १.३०१० ÷ ०.३०१० = ४.३२२

म्हणजे लॉग घेणं ही वेगळी युक्ती नाहीच, दोन्ही बाजूंचा पाया १० करणं आहे. स्कॉटलंडच्या जॉन नेपियर यांनी १६१४ साली लॉगरिदम प्रसिद्ध केले आणि पुढं हेन्री ब्रिग्ज यांनी १० हा पाया धरून कोष्टकं केली. आपलं लॉग टेबल त्याच वळणाचं आहे.

परीक्षेत हे थोडक्यात लिहायचं: दोन्ही बाजूंचा लॉग घेऊन क्ष × लॉग २ = लॉग २०, म्हणून क्ष = लॉग २० ÷ लॉग २.

टेबल कसं बघायचं. २० च्या ओळीत ० च्या रकान्याखाली ३०१० सापडेल. हा दशांश चिन्हानंतरचा भाग. चिन्हाआधीचा आकडा टेबलात नसतो, तो आपण ठरवायचा: संख्येत जितके पूर्णांकी अंक त्यापेक्षा एक कमी. २० मध्ये दोन अंक, म्हणून १. झाला १.३०१०. २ साठीही ती २० चीच ओळ बघायची, फक्त चिन्हाआधी ० येतो. एकाच ओळीतून दोन उत्तरं कशी, असा प्रश्न पहिल्या दिवशी सगळ्यांना पडतो. फरक त्या आधीच्या आकड्यात आहे.

इथले सापळे. लॉग २० ÷ लॉग २ म्हणजे लॉग (२० ÷ २) नव्हे. लॉग १० = १, आणि क्ष = १ असेल तर २^१ = २० झाले असते. तसंच लॉग २० - लॉग २ ही वजाबाकीही नव्हे, तिचंही उत्तर १ येतं. आपण आधीच ‘४ आणि ५ च्या मधे’ असं लिहून ठेवलं असेल तर अशी चूक डोळ्यांसमोर उभी राहते. म्हणून पाया जुळत नसेल तिथं अंदाज आधी, लॉग नंतर.

## हे पैशाला लावून बघा

पतसंस्थेच्या दारावर ‘दामदुप्पट ठेव’ अशी पाटी असते. किती महिन्यांत दुप्पट आणि त्यासाठी दर किती धरलाय, हे आता तुम्हीच काढू शकता. दर साल ठरावीक टक्के चक्रवाढ असेल तर (१ + दर)^क्ष = २.

पोस्टातलं किसान विकास पत्र घ्या. १ एप्रिल २०२३ पासून लागू झालेल्या दरानं त्यावर ७.५ टक्के वार्षिक चक्रवाढ व्याज आणि ११५ महिन्यांत रक्कम दुप्पट, असं आहे. ११५ कुठून आले?

१.०७५^क्ष = २

क्ष = लॉग २ ÷ लॉग १.०७५

लॉग १.०७५ साठी १० च्या ओळीत ७ च्या रकान्याखाली ०२९४ बघा आणि उजवीकडच्या फरकाच्या रकान्यांतला ५ खालचा आकडा त्यात मिळवा. येतं ०.०३१४.

क्ष = ०.३०१० ÷ ०.०३१४ = ९.५८६ वर्षं

१२ नं गुणा: ११५ महिने. सरकारी जाहिरातीतला आकडा आपल्या वहीत निघाला की मुलांचे चेहरे बघण्यासारखे होतात.

दोन गोष्टी मात्र सांभाळा. सरळ व्याज असेल तर हे समीकरण लागू होत नाही. ७.५ टक्के सरळ व्याजानं दुप्पट व्हायला १०० ÷ ७.५, म्हणजे १३ वर्षं ४ महिने लागतात. आणि व्याज तिमाही चक्रवाढ असेल तर क्ष वर्षांत नाही, तिमाहींत येतो. ८ टक्के तिमाही चक्रवाढ म्हणजे दर तिमाहीला २ टक्के: १.०२^क्ष = २, क्ष = ०.३०१० ÷ ०.००८६ = ३५ तिमाही, पावणेनऊ वर्षं. ३५ वर्षं असं लिहून ठेवलेलं मी पाहिलंय. क्ष कशात मोजतोय ते गणिताच्या सुरुवातीलाच लिहा.

हा प्रश्न किती जुना आहे बघा. पॅरिसच्या लूव्र संग्रहालयात एक बॅबिलोनी मातीची पाटी आहे, साडेतीन हजार वर्षांहून जुनी. तिच्यावर विचारलंय की वर्षाला २० टक्के दरानं रक्कम दुप्पट व्हायला किती काळ लागेल. १.२^३ = १.७२८ आणि १.२^४ = २.०७३६, म्हणजे उत्तर ३ आणि ४ वर्षांच्या मधे. त्यांनी मधलं अंतर समप्रमाणात वाटून ३.७८७ वर्षं काढली. लॉगनं ३.८०२ येतात. लॉग हाताशी नसताना तुम्हीही असंच करू शकता.

## सरावासाठी

आधी स्वतः सोडवा, ताळा करा, मगच खाली बघा.

१. ५ × ३^क्ष = १३५
२. ८^क्ष = ३२
३. ९^(क्ष-१) = १/२७
४. ३^(क्ष+२) - ३^क्ष = २१६
५. ४^क्ष - ३ × २^क्ष - ४ = ०
६. २^क्ष × ५^क्ष = १०००
७. ५^क्ष = ४०

उत्तरं: पहिल्याचं ३. दुसऱ्याचं ५/३, ४ आलं असेल तर पायरी ३ पुन्हा वाचा. तिसऱ्याचं -१/२, इथं २(क्ष-१) चा कंस बघा. चौथ्याचं ३, सामाईक काढल्यावर कंसात ९ - १ उरतात. पाचव्याचं फक्त २, य = -१ सोडून द्यायचं. सहाव्याचं ३, आधी पाये गुणून १०^क्ष करा, घातांक सारखा आहे म्हणून ते चालतं. सातव्याचं सुमारे २.२९२, लॉग ४० = १.६०२१ आणि लॉग ५ = ०.६९९० घेऊन. ५^२ = २५ आणि ५^३ = १२५ असल्यामुळं उत्तर २ आणि ३ च्या मधे असणार, हे लॉग टेबल उघडण्याआधी वहीत लिहिलेलं असलं पाहिजे.